खाणीतला इंजिनिअर ज्वालामुखींच्या रांगेत

जिऑलॉजीच्या प्रॅक्टिकलला बेसॉल्टचा काळा तुकडा हातात आला की मला अलेक्झांडर फॉन हम्बोल्ट आठवतो. आपला सह्याद्री ज्या दगडाचा, तो बेसॉल्ट. राइन नदीकाठचा बेसॉल्ट ज्वालामुखीतून आलेला नाही, असं या जर्मन माणसाने 1790 मध्ये चक्क पुस्तक लिहून मांडलं होतं!

जन्म 1769 चा. फ्रायबर्गच्या खाणकाम अकादमीत तो शिकला, म्हणजे तसा आपल्यातलाच. तिथले गुरू वेर्नर. त्यांच्या मते बहुतेक खडक आदिम समुद्रात साचून बनले, आणि ज्वालामुखी म्हणजे जमिनीखाली पेटलेले कोळशाचे थर, बस्स. पुढे हम्बोल्ट खाण-अधिकारी झाला. कामगारांसाठी त्याने दिवा तयार केला आणि त्याची चाचणी घेताना स्वतःच बेशुद्ध पडला. (आपण व्हायव्हाला घाबरतो!)

आईच्या मृत्यूनंतर वारसाहक्काने पैसा आला. नोकरी सोडून पठ्ठ्या 1799 मध्ये दक्षिण अमेरिकेला निघाला आणि 1802 च्या जानेवारीत क्विटोला, म्हणजे आजच्या इक्वेडोरला पोचला. तिथे अँडीजच्या दोन रांगा समांतर धावतात आणि मधल्या उंच खोऱ्यात गावं वसली आहेत. दोन्ही बाजूंना ज्वालामुखी: पिचिंचा, अँटिसाना, 5,897 मीटरचा कोटोपाक्सी आणि दक्षिणेला 6,263 मीटरचा चिंबोराझो.

चिंबोराझो तेव्हा जगातला सर्वांत उंच पर्वत समजला जाई. 23 जून 1802 ला हम्बोल्ट, बाँप्लां आणि माँतुफार बॅरोमीटर घेऊन वर चढले. धुकं, पायाखाली निसटते दगड, हिरड्यांतून रक्त. शेवटी एक खोल घळ आडवी आली आणि शिखर न गाठताच परतावं लागलं.

मला मात्र त्या चढाईपेक्षा पुढचं जास्त भावतं. हे डोंगर विखुरलेले नव्हते, ओळीत उभे होते. कोळशाच्या आगी अशा ओळीत कशा लागतील? खाली खोलवर पृथ्वीच्या कवचाला भेग असणार, असं त्याला वाटू लागलं. नाझ्का प्लेट दक्षिण अमेरिकेखाली सरकते हे कळायला विसाव्या शतकाचा उत्तरार्ध उजाडला. पण शोधाची दिशा त्याची बरोबर होती.

हिमालयातही त्याला हेच बघायचं होतं, पण ईस्ट इंडिया कंपनीने परवानगी दिली नाही. 1823 च्या जानेवारीत बर्लिनच्या अकादमीत त्याने ज्वालामुखींची रचना आणि कार्य यावर व्याख्यान दिलं, गुरूंच्या सिद्धांताच्या थेट विरोधात. वेर्नर 1817 मध्येच गेले होते.