नामचंद पवळाबाई

आमच्या वार्षिकाच्या मराठी विभागात संतांची, राजांची, शास्त्रज्ञांची आणि देशभक्तांची चरित्रे नेहमी येत असतात. यंदा आम्ही एका तमाशातील स्त्रीचे चरित्र देत आहोत. तमाशा हा शब्द वाचताच काही पालक नाक मुरडतील, हे आम्ही जाणून आहोत. त्यांना आमची एवढीच विनंती आहे की लेख शेवटपर्यंत वाचावा. ह्या बाईंच्या आयुष्याचा एक धागा आपल्याच जिल्ह्यातील महाडच्या चवदार तळ्यापर्यंत येऊन पोचतो, आणि तेथे असा एक प्रश्न उभा राहतो की ज्याचे उत्तर देणे मोठ्या माणसांनाही जड जावे.

अहमदनगर जिल्ह्यात, ज्याला आता अहिल्यानगर म्हणतात, संगमनेर तालुक्यात पुण्याहून नाशिककडे जाणाऱ्या रस्त्यालगत हिवरगाव पावसा नावाचे गाव आहे. तेथे १८७० साली भालेराव आडनावाच्या एका महार कुटुंबात पवळाबाईंचा जन्म झाला. त्या काळी महारांची वस्ती गावकुसाबाहेर असे. गावच्या पाणवठ्यावर त्यांना पाणी मिळत नसे, देवळाच्या पायरीला हात लावता येत नसे, आणि गावकीची सर्व हलकी कामे मात्र त्यांच्याच वाट्याला येत. अशा घरातील मुलीला पुस्तक आणि पाटी ही दुरूनही दिसण्याचा संभव नव्हता.

आईबापांनी ह्या मुलीला जेजुरीच्या खंडोबाला वाहिले आणि ती मुरळी झाली. आजच्या विद्यार्थ्यांस ही चाल ठाऊक नसेल, म्हणून थोडे सांगतो. मूल व्हावे, जगावे, दुखणे बरे व्हावे ह्यासाठी लोक देवाला नवस बोलत आणि नवस फळला म्हणजे मुलीचे लग्न देवाशी लावून देत. मग त्या मुलीने माणसाशी लग्न करावयाचे नाही. कपाळी भंडारा लावून, हातात घंटी घेऊन, वाघ्याच्या बरोबर जागरणात रात्रभर गावयाचे आणि मिळेल त्या दानावर राहावयाचे. देवाची बायको म्हणून तिला मान असे म्हणतात; पण उजाडल्यावर तो मान तिच्याबरोबर घरी येत नसे आणि तिला रक्षणकर्ता असा कोणी उरत नसे. नवस बोलणाऱ्यांची श्रद्धा आम्ही खोटी म्हणत नाही. परंतु जिचे आयुष्य वाहावयाचे तिला कोणी विचारले नाही, हे मात्र आम्हांस स्पष्ट दिसते. देवाला मुली वाहण्याच्या चालीस मुंबई इलाख्यात १९३४ च्या कायद्याने बंदी झाली. पवळाबाई तेव्हा चौसष्ट वर्षांच्या होत्या.

जागरणाने त्यांना एक गोष्ट मात्र दिली, ती म्हणजे खुल्या माळावर, रात्रीच्या वाऱ्यात, शेकडो माणसांपर्यंत पोचणारा आवाज. ह्याच आवाजाच्या बळावर त्या पुढे तमाशाच्या फडात आल्या.

त्या काळचा तमाशा कसा होता हे समजल्याशिवाय त्यांच्या पाऊल टाकण्याचे मोल कळणार नाही. प्रथम गण, म्हणजे गणपतीचे स्तवन. मग गौळण, तीत राधा-कृष्ण, पेंद्या आणि मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गवळणींची थट्टा. मग सोंगाड्याची बतावणी, लावण्या आणि शेवटी वग, म्हणजे गोष्टीचे नाटक. वगाची सुरुवात उमाजी सावळजकरांच्या मोहना-बटावने १८६५ च्या सुमारास झाली असे मानतात. ढोलकी, हलगी, तुणतुणे, कडे आणि मागे झील धरणारे सुरत्ये एवढाच सरंजाम. पडदा नाही, रंगमहाल नाही. ह्यात बाईचे काम करावयाचे ते नाच्या पोऱ्याने. कोवळ्या वयाचा मुलगा लुगडे नेसून, पायात चाळ बांधून राधा होत असे. आमच्या कोकणातील नमन-खेळ्यांतही गवळणी होत त्या पुरुषच. तेव्हा हे आपल्या वाचकांस नवल वाटू नये.

पवळाबाई ह्या फडावर उभ्या राहिल्या त्या स्वतः बाई म्हणून. तमाशातील पहिली स्त्री कलावंत म्हणून त्यांचेच नाव सांगण्यात येते. येथे एक तुलना मनात आल्यावाचून राहत नाही. सुशिक्षितांच्या संगीत नाटकांत बालगंधर्व १९०५ नंतरही कितीतरी वर्षे शकुंतला आणि भामिनी होत होते; हिराबाई बडोदेकरांनी १९२९ साली नाटक मंडळी काढून स्त्रियांची कामे स्त्रियांकडून करविली, तेव्हा ती धाडसाची गोष्ट समजली गेली. म्हणजे जे धैर्य पुण्या-मुंबईच्या नाट्यगृहांत फार पुढे प्रकट झाले, ते संगमनेरकडील एका निरक्षर मुरळीने माळरानावर त्याआधीच दाखविले होते. फरक इतकाच की हिराबाईंस त्याबद्दल शाबासकी मिळाली. पवळाबाईंचे धैर्य हे धैर्य आहे असे कोणाच्या ध्यानातच आले नाही, कारण महाराची बाई नाचणारच अशी लोकांची समजूत.

लावणी म्हणजे नुसते गाणे नव्हे. बाईने एका जागी उभे राहून ओळ गावी, ती सुरत्यांनी उचलावी, तेवढ्या अवकाशात तिने त्या ओळीचा भाव डोळ्यांनी, मानेने, हाताने दाखवावा, आणि ढोलकीने बोल टाकताच पायांतील शेरभर चाळांसह तो बोल तंतोतंत परत द्यावा. दम लागलेला दिसता कामा नये. ध्वनिवर्धक नाही, विजेचा दिवा नाही. मशालींच्या आणि पुढे बत्त्यांच्या उजेडात, धुळीत, पहाटेपर्यंत हे चालावयाचे आणि दुसऱ्या दिवशी बैलगाडीतून पुढच्या जत्रेस जावयाचे. ह्याला आम्ही श्रम म्हणतो, आणि विद्याही म्हणतो. ही विद्या कोणत्याही शाळेत शिकवीत नसत.

ह्याच सुमारास तमाशाच्या दुनियेत दुसरे एक मनुष्य आले. सातारा जिल्ह्याच्या त्या वेळच्या वाळवे तालुक्यातील (आता सांगली जिल्हा) रेठरे हरणाक्ष येथील श्रीधर कृष्ण कुलकर्णी, जन्म १८६६. ब्राह्मणाचे कुळ आणि घरी कुलकर्णीपणाचे वतन असता त्यांस लहानपणापासून गाण्याचा नाद लागला, आणि वतन टाकून ते फडात शिरले. हेच शाहीर पठ्ठे बापूराव. त्यांच्या जातीने त्यांस दूर लोटले. बापूरावांची लेखणी आणि पवळाबाईंचा गळा ही दोन एकत्र आली, आणि मग त्या फडाची कीर्ती घाटावरून मुंबईस जाऊन थडकली. मिठाराणीचा वग हा बापूरावांच्या नावाजलेल्या वगांपैकी एक. शाहीर कागदावर लिहितो ते ऐकणाऱ्याच्या कानी जाते ते गाणारणीच्या मुखातून. आणि त्या काळच्या श्रोत्यांपैकी फारच थोड्यांस अक्षरओळख होती. तेव्हा बापूरावांची लावणी महाराष्ट्राने प्रथम वाचली नाही, ती ऐकली.

मुंबईत तेव्हा गिरण्यांचा भोंगा वाजू लागला होता. घाटावरून पायी आणि आगगाडीने, आमच्या किनाऱ्यावरून रेवस आणि धरमतरच्या बोटींनी, हजारो तरुण माणसे गिरण्यांत आणि गोदीत कामास जात. दहा दहा माणसे एका खोलीत राहत. गावाकडची आठवण आली म्हणजे पिला हाऊसच्या बाजूस तमाशाच्या तंबूत आणि थिएटरांत चार घटका जाऊन बसत. ह्या कष्टकरी श्रोत्यांनी पवळाबाईंस नामचंद ही पदवी दिली. नामचंद म्हणजे नावाजलेली. ती पदवी कोणा संस्थानिकाने सनद देऊन दिलेली नव्हती, म्हणूनच कदाचित ती टिकली. आजही जाणते लोक त्यांचे नाव नामचंद पवळा असेच घेतात.

येथे वाचकांना थोडे दूर, सातासमुद्रांपलीकडे नेतो. अमेरिका खंडातील क्यूबा बेटावर आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या लोकांच्या वंशजांनी ढोलांच्या ठेक्यावर एक गाणे वाढविले. तेथील गुलामगिरी १८८६ साली संपली, पण त्या ढोलांस प्रतिष्ठित घरांत जागा नव्हती. आणि बाईने ते गाणे गावे हे तर मुळीच मान्य नव्हते. तरी १९३२ साली हवाना शहरात काही बहिणींनी मिळून आनाकाओना नावाचा स्त्रियांचाच वाद्यवृंद काढला. पुढे जगप्रसिद्ध झालेली गायिका सेलिया क्रूझ (१९२५–२००३) हिच्या वडिलांचा आग्रह मुलीने शिक्षिका व्हावे असा होता, कारण गाणाऱ्या बाईस लोक काय म्हणतात ते त्यांस ठाऊक होते. दुसऱ्या देशातही दलित ठेवलेल्यांच्या संगीतावर सारे शहर डोलते आणि ते संगीत गाणारीस मात्र उंबऱ्याबाहेर ठेवते, हे पाहून आम्हांस हिवरगावची आठवण झाली. आता परत आपल्या किनाऱ्याकडे वळू.

महाडच्या चवदार तळ्याची हकीकत आपल्या जिल्ह्यातील प्रत्येक मुलास विदित असेलच. महाड नगरपालिकेने १९२४ साली तळे सर्वांस खुले केले होते, पण ते कागदावर. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी आपल्या अनुयायांसह त्या तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले. पुढे तळे शुद्ध करण्याचा विधी झाला, दावा लागला आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात सत्याग्रह परिषद भरविण्याचे ठरले. मुंबईहून बोटीने प्रतिनिधी दासगाव बंदरास उतरले आणि तेथून महाडास गेले. एवढ्या माणसांची ने-आण, जेवणखाण, कोर्टकचेरी ह्या सर्वांस पैसा हवा होता, आणि ज्यांच्यासाठी लढा होता त्यांच्यापाशी तो नव्हता.

अशा वेळी पठ्ठे बापूराव पुढे आले आणि त्यांनी तमाशाच्या खेळांचे उत्पन्न महाडच्या कार्यास देऊ केले. बाबासाहेबांनी ते घेतले नाही. महार स्त्रियांना नाचवून मिळविलेला पैसा महारांच्या मानासाठी चाललेल्या लढ्यास नको, असा त्यांचा अभिप्राय होता.

बापूरावांच्या हेतूविषयी आम्हांस शंका नाही. ज्याने स्वतःची जात सोडली त्याला ह्या कामाची कळकळ असणे स्वाभाविक आहे. बाबासाहेबांचा नकारही आम्ही योग्यच समजतो. त्यांना आपल्या लोकांत स्वाभिमान उभा करावयाचा होता. महाराच्या मुली नाचावयासाठीच जन्मास येतात, ही समजूत ज्या व्यवसायाने जगविली, त्याच व्यवसायाच्या पैशाने सभामंडप उभारला असता तर विरोधकांच्या हाती आयते हत्यार मिळाले असते. त्या डिसेंबरात महाडास जमलेल्या स्त्रियांना त्यांनी लुगडे नेसण्याची आणि दागिने घालण्याची जातीची खूण टाकून द्या असे सांगितले, तेही ह्याच विचाराने.

हे सारे मान्य करूनही आमचे मन त्या पैशाभोवती घुटमळते. बापूरावांच्या फडाची कीर्ती ज्यांच्या नाचगाण्यावर उभी राहिली, त्यांत पहिले नाव पवळाबाईंचे. महाडच्या तळ्याचा प्रश्न हा त्यांचा स्वतःचा प्रश्न होता. नामचंद म्हणून मिरविल्या तरी हिवरगावच्या पाणवठ्यावर त्यांची घागर चालली नसती. बापूराव मनात आणते तर ब्राह्मणवाड्याची वाट पुन्हा शोधू शकते. पवळाबाईंना अशी दुसरी वाट जन्मापासूनच नव्हती. ज्यांच्या श्रमाचा तो पैसा, त्यांना तो नाकारला गेल्याचे काय वाटले असेल, हा विचार त्या वेळच्या वादात कोणी केलेला दिसत नाही. पुढे भीमराव कर्डकांसारख्या शाहिरांनी तमाशाचाच साचा घेऊन आंबेडकरी जलसे काढले आणि ते गावोगाव गाजले. ढोलकी आली, सोंगाड्या आला, बतावणीही आली. तमाशातील बाईला मात्र त्या जलशांतून वगळण्यात आले.

१६ जून १९३६ रोजी मुंबईत परळच्या दामोदर हॉलमध्ये बाबासाहेबांनी जोगतिणी, मुरळ्या आणि कामाठीपुऱ्यातील स्त्रिया ह्यांच्या सभेपुढे भाषण केले. हा धंदा सोडा, कष्टाची भाकरी खा आणि मानाने आमच्याबरोबर या, असा त्यांच्या सांगण्याचा आशय होता. सोडल्यावर पोट कसे भरावे ह्याची चिंता ऐकणाऱ्या स्त्रियांच्या मनात असणारच. पण त्यांना आपले म्हणून समोर बसवून बोलणारा पुढारी त्यांस प्रथमच भेटत होता. पवळाबाई तेव्हा साठी ओलांडलेल्या होत्या. बापूरावांची आणि त्यांची ताटातूट झाली होती आणि फडावरचे दिवस मागे पडले होते.

१९३९ साली पवळाबाई वारल्या. सहा वर्षांनी, डिसेंबर १९४५ मध्ये, पठ्ठे बापूरावही पुण्यास हलाखीत निवर्तले. बापूरावांच्या लावण्यांचे भाग पुढे छापून निघाले, आणि ग्रंथालयात ते मिळतात.