पहिल्या चित्रपट-दिग्दर्शिका : फातमा बेगम

चित्रपटाच्या पडद्यावर स्त्री दिसली, तर आज कोणासच नवल वाटत नाही. परंतु दादासाहेब फाळके ह्यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' निर्माण केला, तेव्हा राणी तारामतीचे काम करावयास एकही स्त्री पुढे आली नाही. अखेर अण्णा साळुंके ह्या तरुणाने लुगडे नेसून ती भूमिका वठविली. लगेच पुढच्या 'मोहिनी भस्मासुर' मध्ये दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई ह्यांनी धैर्य दाखविले खरे. तरीही चित्रपटात काम करणाऱ्या स्त्रीकडे समाज पुढे कित्येक वर्षे तिरस्कारानेच पाही. अशा काळात जी स्त्री दिग्दर्शनाची सूत्रे हाती घेण्यास धजली, तिचे चरित्र आम्ही वाचकांपुढे ठेवीत आहोत.

फातमा बेगम ह्यांचा जन्म १८९२ साली झाला. उर्दू रंगभूमीवर त्यांनी अभिनयाचे धडे घेतले. १९२२ साली अर्देशिर इराणी ह्यांच्या संस्थेच्या 'वीर अभिमन्यू' ह्या मूकपटात त्या प्रथम चमकल्या. झुबेदा, सुलताना व शहजादी ह्या तिन्ही कन्यांनाही त्यांनी ह्याच कलेची दीक्षा दिली. त्यांपैकी झुबेदांचा जन्म आपल्या सिल्वासाच्या उत्तरेस असलेल्या सुरतेचा.

केवळ नटी म्हणून मिळणाऱ्या कीर्तीवर फातमाबाईंचे समाधान झाले नाही. १९२६ साली त्यांनी मुंबईत स्वतःची 'फातमा फिल्म्स' ही संस्था स्थापन केली आणि 'बुलबुल-ए-परिस्तान' हा चित्रपट स्वतः दिग्दर्शित केला. भारतातील पहिल्या स्त्री-दिग्दर्शिका होण्याचा मान त्यांना लाभला तो ह्यामुळेच. ते दिवस मूकपटांचे होते. पात्रांच्या मुखी शब्द नसत. कथानक हावभावांतून व मधूनमधून झळकणाऱ्या लिखित पाट्यांतून उलगडावे लागे. म्हणून कथेची प्रसंगवार मांडणी आधीच चोख करणे, हे दिग्दर्शकाचे पहिले कर्तव्य ठरे. त्यातून हा चित्रपट पऱ्यांच्या अद्भुत सृष्टीचा! त्यातील चमत्कार कॅमेऱ्याच्या करामतींनीच साधावयाचे होते. हे शिवधनुष्य त्यांनी उचलले आणि १९२९ पर्यंत आणखीही काही चित्रपट दिग्दर्शित केले. पुढे अभिनय करून १९३८ च्या सुमारास त्या निवृत्त झाल्या.

१४ मार्च १९३१ रोजी 'आलम आरा' हा पहिला भारतीय बोलपट मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहात झळकला. त्याच्या नायिका झुबेदा होत्या. कन्येचे नाव इतिहासात कायमचे कोरले गेले. मातेचे मात्र हळूहळू मागे पडले. १९८३ साली फातमाबाई निवर्तल्या. त्यांचा 'बुलबुल-ए-परिस्तान' आज कोणालाही पाहता येत नाही. त्या काळच्या फिती सहज पेट घेत व कालांतराने कुजून जात. आपल्या देशात १,३०० हून अधिक मूकपट निघाले. परंतु पुण्यास राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले १९६४ साली. तोवर बहुतेक मूकपट नष्ट झाले होते.

कृती नष्ट झाली, म्हणून कर्तृत्व नष्ट होते काय? आम्हांस तसे वाटत नाही. आज आपल्या देशात अनेक स्त्रिया चित्रपट दिग्दर्शित करतात. त्या वाटेवरील पहिले पाऊल फातमाबाईंचे होते. वाट रुळली, की ती प्रथम कोणी तुडविली ह्याचा लोकांना विसर पडतो. आमच्या विद्यार्थिनींनी व विद्यार्थ्यांनी तरी तो पडू देऊ नये, एवढीच आमची अपेक्षा आहे.