ताराबाई शिंदे

आपल्या बुलढाण्याचे नाव ज्या स्त्रीने महाराष्ट्रभर नेले, तिच्याविषयी स्मरणिकेत चार शब्द असावेत, असे मला वाटले.

ताराबाईंचा जन्म १८५० साली बुलढाण्यास झाला. वडील बापूजी हरि शिंदे डेप्युटी कमिशनरच्या कचेरीत हेडक्लार्क होते, आणि सत्यशोधक समाजाचे सभासदही. मुलींना अक्षर दाखविणेही पाप समजत, त्या काळी त्यांनी आपल्या एकुलत्या एका लेकीस मराठी, संस्कृत व इंग्रजी शिकविले. लग्न लहानपणीच झाले; पण जावई घरजावई म्हणून आल्याने ताराबाई माहेरीच राहिल्या.

१८८१ साली सुरतेच्या कोर्टाने विजयालक्ष्मी नावाच्या तरुण ब्राह्मण विधवेस, आपले नवजात मूल मारल्याबद्दल, फाशीची शिक्षा सांगितली. मुंबई हायकोर्टात अपील झाले, फाशी टळली आणि काळ्या पाण्याची शिक्षा झाली. सेशन्स कोर्टाची फाशी हायकोर्टाने मंजूर केल्याखेरीज अमलात येत नाही, हा नियम तेव्हाही होता, आजही आहे. वरचे कोर्ट असते ते एवढ्याचसाठी.

परंतु भगिनींनो, न्यायाधीशासमोर जो उभा केला जाईल, त्याचाच निवाडा तो करू शकतो. त्या मुलाचा बाप आरोपीच्या पिंजऱ्यात नव्हता. विधवाविवाहाचा कायदा १८५६ सालीच झाला होता, तरी तिला पुन्हा संसार मांडू न देणारी रूढीही पिंजऱ्यात नव्हती. वर्तमानपत्रे मात्र साऱ्या स्त्रीजातीलाच दोष देऊ लागली.

तेव्हा ताराबाईंनी लेखणी उचलली. १८८२ साली पुण्याच्या श्री शिवाजी छापखान्यात त्यांचे ‘स्त्रीपुरुषतुलना’ छापले गेले. प्रती ५००, किंमत नऊ आणे. जे दोष स्त्रीच्या माथी मारतात, ते पुरुषांत नाहीत काय, असा सरळ सवाल त्यांनी केला. टीका फार झाली. जोतीराव फुल्यांनी १८८५ साली ‘सत्सार’मधून त्यांची बाजू घेतली; पण बाईंचे दुसरे पुस्तक निघाले नाही. १९१० च्या सुमारास त्या वारल्या. विस्मृतीत गेलेले ते पुस्तक १९७५ साली स. गं. मालशे यांनी पुन्हा प्रसिद्ध केले.

मला वाटते, ताराबाईंचे खरे स्मरण म्हणजे कोर्टाची पायरी चढावी लागलेल्या शेजारणीकडे बोट न दाखविता तिच्यासोबत जाणे. १९८७ च्या कायद्याने कोणत्याही स्त्रीस, तिची मिळकत न पाहता, सरकारी खर्चाने वकील मिळतो; जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा लागतो. एवढी गोष्ट तरी प्रत्येकीने आपल्या गल्लीत सांगावी.