गोविंदपंत बुंदेले : नेवऱ्यापासून सागरपर्यंत



रत्नागिरी तालुक्यातील पालीच्या नाक्यावर आपण कधी उभे राहिला असाल, तर दोन वाटा पाहिल्या असतील. एक लांज्यामार्गे गोव्याकडे जाते. दुसरी नाणीज, साखरपा मागे टाकीत आंबा घाटाने देशावर चढते. याच तालुक्यात समुद्रालगत नेवरे हे गाव आहे. तेथील कुलकर्णी घराण्यातील गोविंद बल्लाळ खेर घाट चढून गेले ते थेट बुंदेलखंडात स्थिरावले. त्यांचे चरित्र आपण या घटकात पाहणार आहोत.

प्रथम त्यांच्या नावाकडे लक्ष द्या. आपल्याकडील ‘-कर’ लागणारी आडनावे माणूस कोठून आला ते सांगतात. ‘बुंदेले’ हे नाव मात्र माणूस कोठे गेला ते सांगते. जन्मगावाऐवजी कर्मभूमी नावात यावी, एवढे हे स्थलांतर पूर्ण होते.

त्याची पार्श्वभूमी अशी. 1729 मध्ये महंमदखान बंगशाने वृद्ध छत्रसालास जैतपूर येथे कोंडीत पकडले असता पहिल्या बाजीरावाने त्याची सुटका केली. छत्रसालाने कृतज्ञतेने आपल्या राज्याचा सुमारे तिसरा हिस्सा पेशव्यांस दिला. 1731 मध्ये तो निवर्तला. हिस्सा मिळाला खरा, परंतु पुण्यापासून शेकडो कोस दूर असलेला हा प्रदेश सांभाळायचा कोणी? आजूबाजूला बुंदेल्यांची संस्थाने, उत्तरेस अंतर्वेदीतील पठाण सरदार, पूर्वेस अयोध्येचा नबाब. ही जबाबदारी गोविंदपंतांकडे आली. सागर येथे तलावाकाठी त्यांनी आपले मुख्य ठाणे केले आणि पुढे काल्पी, जालौनपर्यंत त्यांचा अंमल पसरला.

त्यांचे पद कमाविसदाराचे होते. महसूल गोळा करणे हे त्याचे मूळ काम. सरहद्दीवर मात्र हे काम निव्वळ हिशेबाचे राहत नाही. जमीनदारांशी सलोखा राखणे, प्रसंगी चढाई करणे, नबाबाच्या हालचालींच्या बातम्या पुण्यास कळवणे, हे सारे त्याच माणसाला करावे लागे. कारकुनी घराण्यातील हा मनुष्य अशा रीतीने मुत्सद्दी झाला.

येथे ‘रसद’ हा शब्द ध्यानात घ्या. पेशवाईच्या महसुली भाषेत कमाविसदाराने सरकारात आगाऊ भरावयाची रक्कम म्हणजे रसद. लष्करी भाषेत सैन्याला पुरवावयाचे धान्य व सामग्री म्हणजेही रसद. गोविंदपंतांच्या आयुष्याचा उत्तरार्ध या दोन अर्थांच्या कात्रीत सापडला. पहिल्या अर्थाच्या रसदेबद्दल पुण्याची सतत तक्रार होती : बाकी तुंबते, हिशेब समाधानकारक येत नाहीत. कर्जाने वाकलेल्या पेशव्यांना पैसा हवा होता. सरहद्दीवरील अधिकाऱ्याला शिबंदीचा खर्च चुकत नव्हता. दोन्ही बाजूंची निकड खरी होती, हे आपण विसरू नये.

1760 मध्ये सदाशिवरावभाऊ उत्तरेत आले, तेव्हा दुसऱ्या अर्थाची रसद पुढे आली. यमुना उतरण्यासाठी नावा जमवाव्यात, पैसा पाठवावा, शुजाउद्दौल्यास आपल्या बाजूस वळवावे, अशा अपेक्षा गोविंदपंतांकडून होत्या. शुजा अब्दालीस मिळाला. पावसाने फुगलेल्या यमुनेवर नावांची सोयही मनासारखी झाली नाही. भाऊंचा रोष वाढला. पुढे पानिपतावर दोन्ही सैन्ये समोरासमोर ठाकल्यावर, अब्दालीला अंतर्वेदीतून मिळणारे धान्य तोडण्याचे काम गोविंदपंतांना मिळाले. उतारवयातील, शरीराने स्थूल आणि घोडदौडीस अनभ्यस्त अशा या माणसाने ते अंगावर घेतले. काही काळ शत्रूच्या छावणीत धान्याची टंचाई जाणवू लागली. मात्र डिसेंबर 1760 मध्ये अताईखानाने अचानक छापा घातला आणि गोविंदपंत मारले गेले. त्यांचे शिर अब्दालीकडे नेण्यात आले. त्यानंतर मराठी छावणीची उपासमार वाढत गेली आणि 14 जानेवारी 1761 रोजी पानिपतचा अंतिम संग्राम झाला.

बाळाजी गोविंद व गंगाधर गोविंद या त्यांच्या पुत्रांनी अंमल पुढे चालवला. सागर 1818 मध्ये आणि जालौन 1840 मध्ये इंग्रजांकडे गेले.

मग गोविंदपंतांना काय म्हणावे? केवळ पुण्याची पत्रे वाचली, तर बाकी थकवणारा अधिकारी दिसतो. केवळ शेवट पाहिला, तर हुतात्मा दिसतो. चरित्राच्या अभ्यासकाने दोहोंपैकी एक चित्र निवडण्याची घाई करू नये. ज्याच्या हिशेबावर अविश्वास होता, त्याच्याच हाती अखेरीस सैन्याच्या अन्नाचा प्रश्न सोपवावा लागला, ही त्या राज्यव्यवस्थेचीही अडचण होती. आपल्यापैकी अनेकजण नोकरी सांभाळून, घरापासून दूर राहून शिकत आहेत. दूर गेलेल्या माणसाबद्दल मागे राहिलेले कागद किती सांगतात आणि किती सांगत नाहीत, हे आपल्याला अनुभवानेही उमगेल.

स्वाध्याय : ‘रसद’ या शब्दाच्या दोन अर्थांच्या आधारे गोविंदपंतांच्या जीवनातील संघर्ष स्पष्ट करा.