रायसीना टेकडीचा वास्तुकार : सर हर्बर्ट बेकर

२९ जानेवारीला विजय चौकात होणारे बीटिंग रिट्रीट आपण सर्वांनी निदान टीव्हीवर तरी पाहिले आहे. वाद्यवृंदाच्या मागे उजव्या-डाव्या बाजूला ज्या दोन भव्य इमारती दिसतात, त्या नॉर्थ ब्लॉक आणि साऊथ ब्लॉक. संरक्षण मंत्रालय आणि सेनादलांची मुख्यालये पिढ्यान् पिढ्या साऊथ ब्लॉकमधूनच चालली. या इमारती कोणी बांधल्या असे विचारले, की बहुतेक जण ल्युटेन्सचे नाव सांगतात. खरा वास्तुकार वेगळाच आहे, आणि त्याच्याविषयी आपल्या मराठी पानावर लिहावे असे मला बरेच दिवस वाटत होते.

हर्बर्ट बेकर यांचा जन्म ९ जून १८६२ रोजी इंग्लंडमधील केंट परगण्यात कॉबहॅम या गावी झाला. टनब्रिज शाळेत शिक्षण झाल्यावर त्यांनी चुलतभाऊ आर्थर बेकर यांच्याकडे वास्तुकलेची उमेदवारी केली. पुढे लंडनच्या अर्नेस्ट जॉर्ज यांच्या कार्यालयात ते काम करू लागले. तिथेच त्यांची एका तरुण सहकाऱ्याशी मैत्री झाली. त्याचे नाव एडविन ल्युटेन्स. हे नाव लक्षात ठेवा, कारण पुढची निम्मी गोष्ट या मैत्रीचीच आहे.

१८९२ मध्ये तिशीत आलेले बेकर दक्षिण आफ्रिकेला गेले. निमित्त होते भावाला फळबागेच्या धंद्यात मदत करण्याचे. पण केप वसाहतीचे पंतप्रधान सेसिल ऱ्होड्स यांच्याशी ओळख झाली आणि आयुष्याला वळण मिळाले. ऱ्होड्स यांनी आपले ग्रूट स्कूर हे जुने घर नव्याने बांधण्याचे काम या अनोळखी तरुणाला दिले. १८९६ मध्ये ते घर आगीत जळाले, तेव्हा ते पुन्हा उभे करण्याचे कामही बेकर यांनीच केले. १९०० मध्ये ऱ्होड्स यांनी त्यांना स्वखर्चाने इटली, ग्रीस आणि इजिप्तच्या प्राचीन वास्तू पाहायला पाठवले. टेकडीवर इमारत कशी बसवावी, खांबांच्या रांगा कशा उभ्या कराव्यात, हे ते तिथे शिकले.

बोअर युद्ध संपल्यावर बेकर जोहान्सबर्गला आले. याच शहरात १९०६ मध्ये गांधीजींनी सत्याग्रहाला सुरुवात केली. एकाच गावात एक जण साम्राज्याच्या इमारती उभारत होता आणि दुसरा त्याच साम्राज्याशी लढायचा नवा मार्ग शोधत होता, हा योगायोग मला विलक्षण वाटतो.

प्रिटोरियाच्या युनियन बिल्डिंग्ज ही बेकर यांची आफ्रिकेतील सर्वांत मोठी कामगिरी. १९१० ते १९१३ या काळात त्या बांधल्या गेल्या. टेकडीच्या उतारावर दोन सारख्या इमारती आणि त्यांना जोडणारी अर्धवर्तुळाकार खांबांची ओळ अशी त्यांची रचना आहे. दोन बाजू म्हणजे इंग्रज आणि बोअर. देशातील बहुसंख्य कृष्णवर्णीयांना त्या कल्पनेत जागाच नव्हती. त्याच इमारतीसमोर १० मे १९९४ रोजी नेल्सन मंडेला यांनी राष्ट्राध्यक्षपदाची शपथ घेतली.

१९११ च्या दिल्ली दरबारात राजधानी कोलकात्याहून दिल्लीला हलवण्याची घोषणा झाली. नव्या राजधानीचे मुख्य काम ल्युटेन्स यांच्याकडे आले आणि त्यांच्या जोडीला बेकर यांची नेमणूक झाली. व्हाइसरॉयचा प्रासाद, म्हणजे आजचे राष्ट्रपती भवन, ल्युटेन्स यांचे. सचिवालयाच्या दोन्ही इमारती आणि पुढे संसद भवन बेकर यांचे. सचिवालयाच्या लाल आणि पिवळसर वालुकाश्मात बेकर यांनी छत्र्या, जाळ्या, रुंद छज्जे आणि दगडी हत्ती वापरले. जाळी आणि छज्जा केवळ शोभेसाठी नाहीत. दिल्लीच्या उन्हाळ्यात त्यांची सावली किती मोलाची असते, हे तिथे मे महिन्यात गेलेल्याला सांगायला नको.

दोघा मित्रांचे भांडण झाले ते एका चढामुळे. प्रासाद आणि सचिवालय दोन्ही रायसीना टेकडीच्या माथ्यावर असावेत, असा बेकर यांचा आग्रह होता. ल्युटेन्स यांनी तो १९१३ मध्ये मान्य करून सहीही केली. काही वर्षांनी त्यांच्या लक्षात आले की विजय चौकाकडून वर येताना मध्ये चढ आडवा येतो आणि प्रासाद दिसेनासा होतो. इंडिया गेटकडून चालत गेलात तर हे आजही पाहता येते. लांबून स्पष्ट दिसणारा घुमट जवळ जावे तसा खाली बुडत जातो. मी स्वतः हे पाहिले आहे, आणि नकाशा वाचनाच्या तासाला शिकलेली मृत भूमी मला तिथे खरी समजली. ल्युटेन्स यांनी चढ खोदून कमी करावा म्हणून व्हाइसरॉयपर्यंत दाद मागितली, पण खर्चाचे कारण देऊन ती फेटाळली गेली. नेपोलियनच्या वॉटर्लूवर कोटी करून ल्युटेन्स आपल्या या पराभवाला बेकरलू म्हणू लागले. दोघांचे बोलणे कित्येक वर्षे बंद होते. काम मात्र थांबले नाही.

संसद भवनाच्या वेळी उलटे घडले. बेकर यांना तीन बाजूंची इमारत हवी होती, ल्युटेन्स यांनी वर्तुळाचा आग्रह धरला आणि तोच मान्य झाला. बेकर यांनी दुसऱ्याची कल्पना स्वीकारून १४४ खांबांची ती गोल इमारत उभी केली. १२ फेब्रुवारी १९२१ रोजी पायाभरणी झाली आणि १८ जानेवारी १९२७ रोजी लॉर्ड आयर्विन यांनी उद्घाटन केले.

आपल्यासारख्या कॅडेटना त्यांचे आणखी एक काम माहीत असायला हवे. फ्रान्समधील नव्ह शापेल येथे मार्च १९१५ मध्ये मेरठ आणि लाहोर डिव्हिजनचे भारतीय जवान लढले. पश्चिम आघाडीवर पडलेल्या आणि ज्यांची समाधीही सापडली नाही, अशा ४,७०० हून अधिक भारतीयांचे स्मारक तिथे बेकर यांनी उभारले. अशोकस्तंभाची आठवण करून देणारा उंच स्तंभ, दोन दगडी वाघ, जाळीची भिंत आणि छत्र्या असलेले हे स्मारक १९२७ मध्ये खुले झाले. व्हिक्टोरिया क्रॉस मिळालेले गढवाल रायफल्सचे गबर सिंह नेगी यांचे नाव तिथे कोरलेले आहे.

१९२६ मध्ये बेकर यांना सर हा किताब मिळाला. लंडनचे इंडिया हाऊसही त्यांचेच. बँक ऑफ इंग्लंडच्या पुनर्बांधणीत मात्र जॉन सोन या थोर वास्तुकाराचे जुने काम पाडल्याबद्दल त्यांच्यावर कडक टीका झाली, ती आजही होते.

बेकर साम्राज्याचे निष्ठावंत होते, हे लपवण्याचे कारण नाही. नॉर्थ ब्लॉकवर कोरलेल्या ओळी स्वातंत्र्य हे कमवावे लागते, असा उपदेश भारतीयांना करतात. भारतीयांनी ते कमावलेच. ४ फेब्रुवारी १९४६ रोजी कॉबहॅमला बेकर यांचे निधन झाले. त्याच वर्षी ९ डिसेंबरला त्यांच्या गोल इमारतीच्या मध्यवर्ती सभागृहात संविधान सभेची पहिली बैठक भरली. तिथेच डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी संविधानाचा मसुदा मांडला आणि तिथेच दादासाहेब मावळंकर लोकसभेचे पहिले अध्यक्ष झाले. आज त्या वास्तूला संविधान सदन म्हणतात. इमारत कोणासाठी बांधली हे बांधणारा ठरवतो. तिचा अर्थ काय राहील, हे मात्र तिच्यात बसून काम करणारे ठरवतात, असे मला वाटते. पुढे आपल्यापैकी कोणाची नेमणूक दिल्लीला झाली, तर त्याने हे लक्षात ठेवावे.