खदीजा : नावाचा अर्थ आणि अर्थापलीकडचे जीवन

घरात कन्यारत्न जन्माला आले की अकीक्याच्या आधीच नावाची चर्चा सुरू होते. आजी एक नाव सुचविते, मामा दुसरे. मग कोणीतरी नावांचे पुस्तक उघडून अर्थ पाहतो. मुलांची नावे चांगली ठेवावीत ही प्रेषित मुहम्मद (स.) यांची शिकवण असल्याने अर्थाची ही चौकशी योग्यच आहे. परंतु एका नावापाशी पुष्कळ मातापिता थबकतात. ते नाव म्हणजे ‘खदीजा’. आपल्याकडे अनेक घरांत त्याचाच उच्चार ‘खतीजा’ असा होतो. श्रद्धावंतांच्या पहिल्या मातेचे हे नाव. मात्र शब्दकोशात त्याचा अर्थ पाहू गेल्यास दिसते : दिवस भरण्यापूर्वी जन्मलेली. काहींना हा अर्थ उणा वाटतो आणि ते दुसरे नाव शोधू लागतात. म्हणून या नावाचे मूळ काय आणि ज्या महान स्त्रीमुळे ते जगभर पोहोचले तिचे जीवन कसे होते, हे एकत्रितपणे पाहणे आवश्यक आहे.

अरबी भाषेत ‘खे, दाल, जीम’ या तीन अक्षरांच्या धातूचा संबंध उंटिणीशी आहे. उंटिणीने मुदतीपूर्वी पिल्लाला जन्म दिला तर त्यासाठी या धातूचे क्रियापद वापरीत. त्यातूनच ‘अपूर्ण’ हा अर्थ निघाला. सूरह फातिहा न वाचता अदा केलेली नमाज अपुरी राहते, असे ज्या हदीसमध्ये सांगितले आहे तिथे ‘खिदाज’ हा याच धातूचा शब्द आला आहे. पुरुषांतही हे नाव होते, मदीनेतील अन्सारी सहाबी माननीय राफे बिन खदीज (रजि.) यांच्या पित्याचे नाव तेच होते. वाळवंटात राहणारे अरब आपल्या मुलांची नावे पुष्कळदा रोजच्या जगण्यातून घेत. ‘फातिमा’ या नावाचा संबंधही बाळाचे दूध तोडण्याशी आहे. तेव्हा ‘खदीजा’ या शब्दात कोणतेही दूषण नाही. त्यात जन्मवेळेची केवळ एक खूण आहे.

हे नाव धारण करणाऱ्या माननीय खदीजा (रजि.) मक्केतील कुरैश वंशाच्या बनू असद या घराण्यात जन्मल्या. पित्याचे नाव खुवैलिद बिन असद, मातेचे फातिमा बिन्ते जाइदा. त्या काळी अरबस्तानात मुलीचा जन्म हा अनेकांना कलंक वाटे आणि काही जण तिला जिवंत पुरून टाकीत. अशा अज्ञानकाळात या स्त्रीने मक्केत जो मान मिळविला तो आपल्या चारित्र्यावर मिळविला. लोक त्यांना ‘ताहिरा’ म्हणजे पवित्र स्त्री म्हणून ओळखू लागले. मातापित्यांनी एक नाव दिले होते. समाजाने त्यांचे आचरण पाहून दुसरे दिले.

त्यांचे दोन विवाह झाले आणि दोन्ही वेळा वैधव्य आले. पदरी मुले होती, संपत्तीही होती. मक्का हे व्यापारी नगर. कुरैशांचे काफिले हिवाळ्यात यमनकडे आणि उन्हाळ्यात शामकडे जात; सूरह कुरैशमध्ये या प्रवासांचा उल्लेख आला आहे. माननीय खदीजा (रजि.) स्वतः काफिल्याबरोबर जात नसत. विश्वासू माणसे निवडून, नफ्यातील ठरावीक वाट्यावर त्यांच्या हाती आपला माल सोपवीत. अशा व्यवहारात सगळे काही माणसाच्या पारखीवर अवलंबून असते. ही पारखी दृष्टी त्यांच्यापाशी होती आणि पुढे तिनेच त्यांच्या जीवनाला वळण दिले.

मक्केत मुहम्मद (स.) यांची ख्याती ‘अमीन’ म्हणून, म्हणजे विश्वासू म्हणून झाली होती. माननीय खदीजा (रजि.) यांनी त्यांच्याकडे आपला माल देऊन त्यांना शामला पाठविले आणि सोबत आपला सेवक मैसरा याला दिले. माल चांगल्या किमतीला विकला गेला, हिशेब चोख मिळाला. मैसराने प्रवासात पाहिलेले सत्य बोलणे, मृदू वागणे आणि सचोटी यांचे वर्णन मालकिणीपाशी केले. कुरैशांतील अनेक प्रतिष्ठितांनी त्यांना विवाहासाठी मागणी घातली होती आणि त्यांनी ती नाकारली होती. आता मात्र त्यांनी स्वतःच नफीसा नावाच्या आपल्या मैत्रिणीमार्फत मुहम्मद (स.) यांच्याकडे विचारणा केली. दोन्हीकडील वडीलधाऱ्यांच्या उपस्थितीत निकाह झाला. त्या वेळी प्रेषितांचे वय 25 वर्षांचे होते आणि प्रसिद्ध रिवायतीनुसार माननीय खदीजा (रजि.) 40 वर्षांच्या होत्या.

हा संसार सुमारे 25 वर्षे टिकला आणि त्या हयात असेपर्यंत प्रेषितांनी दुसरा विवाह केला नाही. कासिम आणि अब्दुल्लाह हे पुत्र, तर जैनब, रुकय्या, उम्मे कुलसूम आणि फातिमा या कन्या त्यांच्या पोटी जन्मल्या. दोन्ही पुत्र बालपणीच अल्लाहला प्रिय झाले. लेकराला मूठमाती देण्याचे दुःख या मातेने दोनदा सोसले. त्यांच्या घरात परक्यांनाही मायेची जागा होती. पुतणे हकीम बिन हिजाम यांच्याकडून आलेला जैद हा गुलाम मुलगा त्यांनी प्रेषितांना दिला. प्रेषितांनी त्याला मुक्त करून पुत्रवत वाढविले. अबू तालिब यांच्यावरील संसाराचा भार हलका व्हावा म्हणून लहानगे अली (रजि.) हेही याच घरात आले.

मग नूर पर्वतावरील हिरा गुहेचे दिवस आले. प्रेषित (स.) तेथे एकांतात अल्लाहची उपासना करीत, शिदोरी संपली की घरी येत आणि माननीय खदीजा (रजि.) पुन्हा शिदोरी बांधून देत. पती डोंगरावर काय शोधीत आहेत हे त्यांना पूर्णपणे उमगले असेल वा नसेल, पण शिदोरी थांबली नाही. इ.स. 610 मध्ये रमजान महिन्यात पहिली वह्य अवतरली. प्रेषित (स.) थरथरत घरी परतले आणि आपल्याला पांघरूण घालण्यास त्यांनी सांगितले. भीती ओसरल्यावर घडलेले सर्व सांगून त्यांनी आपल्या जिवाची काळजी बोलून दाखविली.

या क्षणी पृथ्वीतलावर या घटनेची वार्ता ऐकणारी एकच व्यक्ती होती. ती घाबरली असती, तिने शंका घेतली असती, तरी ते मनुष्यस्वभावाला धरूनच झाले असते. परंतु माननीय खदीजा (रजि.) यांनी ठामपणे सांगितले की अल्लाह आपल्याला कधीही अपमानित होऊ देणार नाही. या विश्वासाला त्यांनी आधार दिला तो कोणत्याही चमत्काराचा नव्हे, तर रोजच्या पाहण्यातील आचरणाचा. आपण नाती जोडता, दुर्बलांचा भार उचलता, गरजूंना मिळवून देता, पाहुण्यांचा सत्कार करता आणि संकटात सापडलेल्यांच्या मदतीला धावता, असे त्या म्हणाल्या. 15 वर्षांच्या सहवासाची ही साक्ष होती. नंतर त्या प्रेषितांना आपले वृद्ध व दृष्टिहीन चुलतबंधू वरका बिन नौफल यांच्याकडे घेऊन गेल्या. पूर्वीच्या ईशग्रंथांचे ज्ञाते असलेल्या वरका यांनी ओळखले की माननीय मूसा (अ.) यांच्याकडे आलेला फरिश्ताच येथे आला आहे. लोक आपल्याला नगराबाहेर काढतील, हा इशाराही त्यांनी दिला. तो इशारा माननीय खदीजा (रजि.) यांनी ऐकला आणि पुढे काय सोसावे लागेल याची कल्पना येऊनही त्यांनी ईमान स्वीकारले. इस्लाममध्ये सर्वप्रथम दाखल होण्याचा मान त्यांचा आहे.

त्यानंतरची वर्षे सोपी नव्हती. अबू लहबने आपल्या मुलांना सांगून रुकय्या (रजि.) आणि उम्मे कुलसूम (रजि.) यांच्याशी ठरलेले नाते तोडविले. पुढे माननीय उस्मान (रजि.) यांच्याशी विवाहबद्ध झालेल्या रुकय्या (रजि.) पतीसह हब्शला हिजरत करून गेल्या आणि समुद्रापलीकडे गेलेल्या लेकीच्या वाटेकडे आईचे डोळे लागून राहिले. मग कुरैशांनी बनू हाशिमवर बहिष्कार टाकला. खरेदी-विक्री बंद, सोयरीक बंद. सुमारे 3 वर्षे हे घराणे अबू तालिब यांच्या घाटीत अडकून पडले. झाडांची पाने खाण्याची वेळ आली. भुकेल्या मुलांचा आक्रोश घाटीबाहेर ऐकू येई. जिच्या मालाचे उंट कधीकाळी शामच्या वाटेवर चालत, ती स्त्री आता उतारवयात मूठभर गव्हासाठी वाट पाहत होती. पुतणे हकीम बिन हिजाम आत्यासाठी गहू घेऊन निघाले असता अबू जहलने त्यांना अडविले, यावरून या कोंडीची कठोरता समजून येते. माननीय खदीजा (रजि.) यांना आपल्या माहेरच्या बनू असदमध्ये सुखाने राहता आले असते, कारण बहिष्कार त्या कुळावर नव्हता. त्या पतीजवळच राहिल्या.

बहिष्कार उठला, पण शरीर खचले होते. प्रेषितत्वाच्या 10 व्या वर्षी, इ.स. 619 च्या सुमारास, रमजान महिन्यात त्यांचे निधन झाले. जनाज्याची नमाज तेव्हा विहित झाली नव्हती. मक्केच्या हजून कब्रस्तानात प्रेषित (स.) स्वतः कबरीत उतरले आणि आपल्या हातांनी त्यांना दफन केले. त्याच वर्षी अबू तालिब यांचेही निधन झाले. इतिहासात हे वर्ष ‘आमुल हुज्न’, अर्थात दुःखाचे वर्ष म्हणून ओळखले जाते.

त्यांच्या हयातीतच जिब्रील (अ.) यांनी प्रेषितांमार्फत त्यांना अल्लाहचा सलाम पोहोचविला होता आणि स्वर्गात मोत्याच्या अशा घराची शुभवार्ता दिली होती, जिथे ना गोंगाट असेल ना थकवा. मक्केच्या लोकांचा उपहास आणि घाटीतील कष्ट सोसलेल्या गृहिणीला मिळालेला हा मोबदला किती यथोचित आहे!

प्रेषितांनी त्यांना कधी विसरले नाही. मदीनेत बकरी जिबह झाली की ते माननीय खदीजा (रजि.) यांच्या मैत्रिणींकडे मांसाचा वाटा पाठवीत. त्यांची बहीण हाला (रजि.) यांचा दारातील आवाज ऐकून प्रेषितांना त्यांची आठवण येई आणि ते सद्गदित होत. बद्रच्या लढाईत जैनब (रजि.) यांचे पती अबुल आस कैद झाले, तेव्हा त्यांच्या सुटकेसाठी जैनब (रजि.) यांनी आपला हार पाठविला. तो आईने विवाहात दिलेला हार होता. तो पाहताच प्रेषितांचे मन भरून आले. सहाबांच्या संमतीने कैदी मुक्त झाला आणि हारही लेकीकडे परत गेला. माननीय आइशा (रजि.) यांनी आपल्याला सर्वाधिक असूया वाटे ती ज्यांना पाहिलेही नाही अशा खदीजा (रजि.) यांची, असे मोकळेपणाने सांगितले आहे.

आता पुन्हा नावाकडे वळू. प्रेषित (स.) नावांच्या बाबतीत दक्ष होते. ज्या नावाचा अर्थ ‘अवज्ञा करणारी’ असा होता ते बदलून त्यांनी ‘जमीला’ ठेवले. (फिरऔनच्या श्रद्धावंत पत्नीचे ‘आसिया’ हे नाव वेगळे आहे.) ‘बर्रा’ म्हणजे पुण्यशील, या नावात आत्मप्रशंसा येते म्हणून तेही बदलून त्यांनी एकीचे ‘जैनब’ आणि दुसरीचे ‘जुवैरिया’ ठेवले. म्हणजे ज्यात अपराध आहे ते नाव नको आणि ज्यात बढाई आहे तेही नको. ‘खदीजा’ हे नाव मात्र प्रेषितांच्या मुखी अखेरपर्यंत प्रेमाने राहिले. शब्दकोशातील ‘अपूर्ण’ या अर्थाने त्या नावाची प्रतिष्ठा किंचितही कमी झाली नाही, कारण ती धारण करणाऱ्या स्त्रीची गणना प्रेषितांनी स्वर्गातील सर्वश्रेष्ठ चार स्त्रियांत, माननीय मरयम (अ.), आसिया (अ.) आणि फातिमा (रजि.) यांच्यासमवेत केली.

आजही कित्येक बाळे दिवस भरण्यापूर्वी जन्माला येतात. रुग्णालयातील काचेच्या पेटीत ठेवलेल्या त्या इवल्याशा जिवाकडे पाहत आईवडील दुआ करीत उभे असतात. अपुऱ्या दिवसांची ही लेक कशी वाढेल, ही चिंता त्यांना पोखरत असते. अशा मातापित्यांसाठी या नावात केवढा दिलासा आहे! ज्या शब्दाने अरब अशा बालिकेला ओळखीत, तोच शब्द अल्लाहने सर्वांआधी ईमान आणणाऱ्या स्त्रीच्या नावाने अजरामर केला.

म्हणून आपल्या लेकीचे नाव खदीजा ठेवताना संकोच करू नये. मात्र नाव ठेवून आपले कर्तव्य संपत नाही. ती कळती झाल्यावर आपल्या नावाचा अर्थ विचारील. तेव्हा शब्दकोशातील अर्थ तिच्यापासून लपवू नये. तो सांगावा आणि पुढे शिदोरीची, सचोटीच्या व्यापाराची, त्या रात्रीच्या धीराची आणि घाटीतील भुकेची हकीकत सांगावी. नावाचा पहिला अर्थ जन्माबरोबर मिळतो. दुसरा अर्थ आपल्या ईमानाने आणि सत्कर्माने मिळवावा लागतो, हे तिला त्यातून उमगेल. अल्लाह आपल्या लेकींना या थोर मातेच्या पाऊलवाटेवर चालण्याचे सामर्थ्य देवो. आमीन.