'सायलेंट नाइट' लिहिणारे फादर योसेफ मोर

नाताळ जवळ आला की 'सायलेंट नाइट' हे गीत आपल्या कानांवर पडतेच. बर्फाने झाकलेले निवांत खेडे, चर्चची घंटा, खिडकीतला मिणमिणता दिवा असे चित्र डोळ्यांपुढे उभे राहते. ते लिहिणाऱ्या धर्मगुरूंचे नाव मात्र आपल्यापैकी किती जणांना ठाऊक असेल?

फादर योसेफ मोर यांचा जन्म ११ डिसेंबर १७९२ रोजी साल्झबर्ग येथे झाला. आई विणकाम करून पोट भरी. वडील सैन्यातून पळालेले शिपाई. दोघांचे लग्न झालेले नव्हते. अशा बाळाचा धर्मपिता व्हायला कोण पुढे येणार? शहराच्या जल्लादाने आपले नाव दिले, तोही स्वतः न येता. पुढे फादर हीर्नले यांनी मुलाचा गळा व बुद्धी हेरून त्याला शिकवले. विवाहाबाहेर जन्म झाल्यामुळे सेमिनरीत जाण्यासाठी खास परवानगी काढावी लागली. १८१५ साली गुरुदीक्षा झाली.

त्यानंतर नेमणूक मारियाफार या डोंगराळ, कडाक्याच्या थंडीच्या गावी होती. १८१६ साली युरोपात उन्हाळा असा आलाच नाही. पिके बुडाली, लोक उपाशी राहिले. नेपोलियनच्या लढायाही नुकत्याच संपल्या होत्या. त्याच वर्षी त्यांनी ही कविता लिहिली. त्या बर्फाळ शांततेत भूकही होती, हे आपण सहसा लक्षात घेत नाही.

१८१७ साली ते साल्झाख नदीकाठच्या ओबर्नडॉर्फला सहायक धर्मगुरू म्हणून आले. हे गाव मिठाच्या नावा चालवणाऱ्यांचे. नव्या सरहद्दीने पलीकडचे लाउफेन त्याच्यापासून तोडले होते. २४ डिसेंबर १८१८ रोजी त्यांनी ती कविता शिक्षक व ऑर्गनवादक फ्रान्झ ग्रुबर यांना दिली. त्याच संध्याकाळी चाल तयार झाली आणि रात्री चर्चमध्ये दोघांनी गिटारवर ते गीत गायले. उंदरांनी ऑर्गन कुरतडल्याची गोष्ट आपण ऐकतो. ग्रुबर यांनी १८५४ साली लिहून ठेवलेल्या हकिकतीत उंदीर कुठेच नाहीत.

वरिष्ठ धर्मगुरू या तरुणावर नाराज होते. तो थट्टामस्करी करतो, हलकी गाणी गातो, अशी त्यांची तक्रार होती. (नावाड्यांना बहुधा तेच आवडत असावे!) १८१९ साली त्यांची बदली झाली आणि मग गावामागून गाव. शेवटी वाग्राइन येथे त्यांनी मुलांसाठी शाळा उभी केली. ४ डिसेंबर १८४८ रोजी ते वारले, तेव्हा गाठीला काही नव्हते.

गीत तोवर अमेरिकेपर्यंत पोचले होते, पण कर्त्यांच्या नावाशिवाय. १९९५ साली फादर मोर यांच्या हातचा एक कागद सापडला. त्यावर चाल ग्रुबर यांची असे लिहिले आहे आणि खाली कोपऱ्यात त्यांचे स्वतःचे नाव व साल आहे, १८१६.